मोटरला वारा लागू नये म्हणून

क्निच, बुधवार, १४ मे, दुपारचे साडेतीन

आदरणीय राडिसावमामा,

नमस्कार. तुमची गवत कापायची मशीन पालथी घालून, प्लग काढून (दोनदा तपासून) तिच्यापाशी बसून लिहीत आहे. तुमचा गुडघा आता बरा असेल. फोन मामीच उचलतात, म्हणून पत्र बसच्या ड्रायव्हरबरोबर थेट तुमच्या कामावर, गिरणीत पाठवतो. कृपया घरी नेऊ नये.

मशीन उत्तम आहे. फक्त अंगणाच्या या टोकापासून त्या टोकाला गेली की मोटर तापते, जळका वास येतो आणि ती आपोआप बंद पडते. निवली की पुन्हा तेच. रविवारी माझ्यासाठी बघितलेल्या दुन्याचे वडील घर बघायला येणार आणि आमच्या बाजूने मामी बोलणार, हे तुम्हाला ठाऊक आहेच. ते गृहस्थ आधी अंगण बघतात, मग मुलगा. आमच्या अंगणात सध्या कोंबडी हरवते.

मी एकेक कारण क्रमाने तपासत गेलो. गवत ओले असेल म्हणून ऊन चढेपर्यंत थांबलो. पात्याला कानशीने धार लावली, पाते थोडे उंच केले. लांब वायर गुंडाळलेलीच होती आणि तीही तापत होती (हे पुष्कळांना माहीत नसते), म्हणून पूर्ण उलगडली. शेजारचे व्हुकोयेकाका कुंपणावर रेलून बघत होते. "नेगोवान, लग्न तुझं ठरतंय की मशीनचं?" मी म्हटले, "काका, मोटर तापतेय." "तापेल नाहीतर काय? तासभर असा टक लावून बघत बसलास तर मीही तापेन."

आज झाकण उघडले. मोटरला हवा मिळावी म्हणून ज्या फटी असतात, त्या प्रत्येकीत फ्लॅनेलची पट्टी कोंबून टाके घातलेले. टाका मामींचा. मशीन तुमच्याकडे दोन दारांच्या मध्ये, म्हणजे ऐन प्रोमायात, आरपार वाऱ्यात उभी असते. (त्या वाऱ्याने मान धरते, दात ठणकतात, हे खरेच आहे, मीही तिथे बसत नाही. पण मोटरला मान नसते.) पट्ट्या काढल्या. मग मशीन न थांबता चालली, अर्धे अंगण झाले.

तेवढ्यात मामींचा फोन. "मोटरचं पांघरूण काढलं नाहीस ना रे?" मी नाही म्हणालो. "शहाणा आहेस. दुन्याच्या बापाला सांगते, पोरगा जपणारा आहे, वस्तूला जपतो तसा बायकोलाही जपेल."

तुमचा भाचा,
नेगोवान

ता. क. पट्ट्या परत शिवणार होतो, पण त्या करपल्या आहेत.

ता. क. दुसरा. मामी शनिवारीच येऊन मशीन स्वतः बघणार आहेत. निळ्या चौकटींचे फ्लॅनेल शुक्रवारच्या बसने पाठवावे. कापड तुमच्या पायजम्याचे दिसते. यात एकच पाय गेला असावा. दुसरा शिल्लक असेल.