सिग्नलवरचा ढावलो

शिलाबाई, तुला आणि भाऊजींना योगेशचा रामराम.

मी पुण्यात बरा आहे, दोन्ही वेळा जेवतो, हे याडीला सांग, आईचा जीव आहे तिचा. कॉलेज सोडल्याचा तिचा राग उतरला का? तुझं लेकरू चालायला लागलं का?

इथं केतकी म्हणून माझी एक मैत्रीण आहे, तिनं एक छोटी फिल्म केली. गोष्ट अशी काही न्हाई, नुसती सिग्नलला थांबलेली माणसं आणि सरत चाललेला वेळ. आवाजाचं काम माझ्याकडं होतं. तिला मागं कसलातरी जुना आवाज पाहिजे होता. तिच्यावर छाप पाडायला मी तुझा ढावलो दिला. लग्न होऊन तांडा सोडताना तू एकेकाच्या गळ्यात पडून रडत म्हटलेला, मी मोबाईलवर घेतलेला. तुला विचारलंसुद्धा न्हाई.

काल फिल्म लोकांना दाखवली. एकानं विचारलं, "ही बाई काय म्हणते?"

केतकी म्हणाली, "अर्थ सोडा हो, इफेक्ट बघा."

माझं डोकंच फिरलं. "ती माझी बहीण हाय, मला हाक मारून राहिली!" असा ओरडलो आणि निघून आलो. रस्त्यानं मान वर होईना. तो आवाज केतकीच्या हातात मीच तर दिला होता.

आवाज काढला तर फिल्म संपली, आणि तिचं-माझं बोलणंही, असं केतकी म्हणते.

फोनवर हे तोंडातून निघालं नसतं, म्हणून लिहून राहिलो. ढावलो राहू देऊ की काढायला लावू? केतकी गेली तरी मला काही वाटणार न्हाई, असं लिहिणार होतो, पण ते खोटं आहे. तरी माझ्यासाठी म्हणून 'राहू दे' म्हणू नको.

तुझा,
योगेश