रामाचा आवाज

सोलापूर, १९७४

तम्मा गुरप्पा, माझ्या धाकट्या भावा,

आपल्या चामड्याच्या बाहुल्यांवर तू मुंबईत केलेला कार्टून सिनेमा हितं टॉकीजला लागलाय. तू वारल्याची तार आली तवा अप्पा रडले न्हाईत. म्हनून मीच त्यांना घेऊन गेले.

राम बोलायला लागला, तुझ्याच आवाजात. अप्पा उठले आन पडद्यामागं गेले. आपल्या खेळात बाहुली नाचवनारा तितंच बसून बोलतो की. परत येऊन हळूच म्हनाले, "मागं भिंत हाय, निंगव्वा. पोरगं न्हाय."

दुसऱ्या दिवशी त्यांनी तुझी रामाची बाहुली भीमेत सोडली. आपन नदीला देतो ती फाटकी बाहुली. तुझी धड होती. मी अडवलं न्हाय.

अप्पांना सांगितलं न्हाय, पन मी रोज टॉकीजला जाते. शुक्रवारी सिनेमा बदलतोय.

तुझी अक्का,
निंगव्वा