उलटं शिवलेलं पुस्तक

४ शाबान, शुक्रवार

आले एकदाची फेस शहरात, लेकाकडे. गाढवाच्या पाठीवर माझी गादी, मडकी आणि एक कोंबडी. गाढव गल्लीत अडकलं तेव्हा अर्ध्या शहराने फुकट सल्ला दिला, ढकलायला कुणी आलं नाही. लेकाचं घर झकास आहे. चौकात संत्र्याचं झाड, खाली त्याचं, माझ्या अल्लालचं, पुस्तकं बांधायचं दुकान, वर दोन खोल्या. सून हनिया माझ्या हाताचा मुका घेऊन म्हणाली, "लल्ला, घर तुमचंच." सासूला मानाने लल्ला म्हणतात ना. म्हटलं, महिनाभराने विचारेन हेच म्हणतेस का. हसली. दात चांगले आहेत. रव्याचं कुसकुस मात्र चिकट शिजवते.

मशिदीतल्या वर्गातली मास्तरीण म्हणाली होती, आजी, रोज लिहा, नाहीतर अक्षरं उडून जातील. म्हणून हा उद्योग.

६ शाबान, रविवार

अल्लालकडे एक जुनं पुस्तक बांधायला आलंय. आणणारा फळीवर ठेवून गेला, नावही सांगितलं नाही. लिहिणाऱ्याचं म्हणणं असं की जगं पुष्कळ आहेत, पानांसारखी एकमेकांना टेकलेली. प्रत्येकात हेच घर, हीच माणसं, फरक कुठेतरी एखादा. एकातून दुसऱ्यात जायची वाट आत दिलीय म्हणे. मी विचारलं, तुझा बाप घोरत नव्हता असं एखादं जग आहे का? हसता हसता त्याला ठसका लागला.

पानं सगळी सुटी झालीत. लावायची रीत त्याच्या बापाचीच. पानाच्या तळाशी पुढच्या पानाचा पहिला शब्द लिहिलेला असतो. तो जुळवत जायचं.

७ शाबान, सोमवार

शिवून झालं. मग अल्लाल वाचत बसला आणि त्याचा रंग उतरला. तळाचे शब्द पुढच्या पानाचे नव्हते, मागच्या पानाचे होते. पुस्तक शेवटाकडून सुरुवातीकडे शिवलं गेलंय. म्हटलं, उसव आणि जेवायला चल. तो म्हणाला, यम्मा, आत लिहिलंय, दोरा ओवला की पलीकडचं जग इकडे शिवलं जातं. उलटं शिवलं तर तिकडचं उलटं येतं. शेवट आधी.

मी म्हटलं, शेंगदाणे कमी खात जा, पित्त डोक्यात चढलंय. पण जेवण मलाही गेलं नाही.

८ शाबान, मंगळवार

दुपारी हनिया भट्टीवर पाव भाजायला गेली. मी वर गेले, तर हनिया खिडकीत बसलेली. डोक्यापासून पायापर्यंत पांढरी. विधवा चार महिने दहा दिवसांची मुदत संपेपर्यंत नेसते तशी. मी खेकसले, नवरा खाली धडधाकट बसलाय आणि हे कसलं सोंग? ती शांतपणे म्हणाली, "लल्ला, तुम्हीच तर नेसवलंत."

तेवढ्यात खालचं दार वाजलं. हनियाचाच आवाज, पाव करपवला म्हणून भट्टीवाल्याच्या सात पिढ्या काढत होती.

वळून पाहिलं. खिडकी रिकामी. खिडकीतल्या गादीवर खळगा होता. हात लावला. ऊब होती.

९ शाबान, बुधवार

शेजारीण बातूल दुखवट्याला नेतात ते साखरेचे सुळके घेऊन आली, मागे दोघी कुसकुसची परात धरून. मयताच्या घरी चूल पेटत नाही ना. "अल्लाह सबुरी देवो," म्हणाली. अल्लाल तिच्यासमोर उभा. म्हटलं, बातूल, डोळे भट्टीवर विसरलीस काय, हा काय उभा आहे! तिने तिकडे पाहिलंच नाही. माझं डोकं कुरवाळलं. माझं!

आधी पांढरं आलं. मग सांत्वन. आता पुढचं कळतंय मला. कबर, जनाजा, मयताची अंघोळ. आणि सगळ्यात शेवटी ते, ज्यापासून हे सगळं सुरू होतं.

१० शाबान, गुरुवार

अल्लालने दोरा उसवला. मी पुस्तक धरलं, त्याने दोरा कापला. पानं सुटली. भोकं राहिली. बोट लावलं तर त्यांतून गार वारा—

हनिया आता त्याला ओलांडून जाते, तो दिसतच नसल्यासारखी. आमचीच हनिया. तिनेही पांढरं नेसलंय. विचारते, लल्ला, हा दुसरा पेला कुणासाठी भरता.

दुपारी चार माणसं जनाजा घेऊन आली. पाठमोरी चालत. जनाजा रिकामा. पायांना ओली माती. अल्लालच्याही केसांत माती. तो तर घराबाहेर गेलाच नव्हता.

११ शाबान, शुक्रवार

सकाळी उठवलं तर अंग ओलं. मयताला लावतात त्या कापराचा वास. पुसलं, कोरडे कपडे घातले. म्हटलं, नवरदेवासारखा दिसतोस. हसला बिचारा.

अंघोळही झाली. आता एकच उरलंय.

दुपार

गादीवर बसवलाय. डाव्या हाताने हात धरलाय, उजव्याने लिहिते. लिहायची थांबले की डोळा लागेल. डोळा लागला की—

नाडी चालू आहे. तो म्हणतो, यम्मा, सोडू नकोस. म्हटलं, गप बस, सोडायला मी काय तुझी मावशी आहे?

हनिया दारात. पांढऱ्यात. रडत नाही. वाट बघते. म्हणते, लल्ला, तुम्ही काय धरून बसलात.

माझा लेक. दिसत नाही का तुला. गरम आहे हात.

कोमट आहे. पण आहे. बोटं हलली आत्ता. म्हणाला काहीतरी— ऐकू आलं नाही— मोठ्याने बोल रे—

दिसत नाहीये पण हातात आहे. हा काय. नाडी लागतेय, हळू, पण ला—