तुमच्या नावापुढचा हिरवा ठिपका

अहो,

ऐकताय ना? का तिकडं बी हेडफोन लावून बसलात?

तुम्ही गेल्यापासून मनातल्या मनात तुमच्याशी बोलतेच मी. भाकरी थापताना, दळण आणताना, पलंगाची तुमची बाजू झटकताना. पण आज जे झालं ते मनात मावेना. मंजूला सांगावं तर ती फोनवर रडेल आणि लगेच मला पुण्याला न्यायला निघेल. शेजारणीला सांगावं तर ती म्हणेल, कुसुमबाईच्या डोक्यावर परिणाम झाला. मग उरलं कोण? तुम्हीच. म्हणून लिहायला बसले. आज दुपारी तुमच्या शेतीच्या खेळाचं लाँचर मी कॉम्प्युटरवर बसवलं. एकटीनं! हसू नका.

झालं असं की दिवाळीत तुमचा कॉम्प्युटर बंद पडला. दुरुस्तीवाल्यानं आतलं सगळं पुसून नवं टाकलं. घरी आणून लावला तर खेळ गायब. तुमचं शेत गेलं का काय? मंजूला विचारलं तर म्हणाली, “अगं आई, बाबांचं शेत कंपनीकडं जपून ठेवलेलं असतं. लाँचर म्हणजे सगळ्या खेळांचा एक दरवाजा समज. तो बसवायचा, बाबांच्या नावानं आत जायचं, की शेत परत. मी आले की करून देते.” इथवर ठीक होतं. पण पुढं म्हणाली, “नाहीतर देऊन टाक ना कुणाला तो कॉम्प्युटर. तू थोडीच खेळणार आहेस?”

मला खेळायचं नव्हतंच हो. मला एवढंच बघायचं होतं की तुमचं शेत आहे का नाही.

आणि खरं सांगू? घर लई गप झालंय. आधी संध्याकाळ झाली की आतल्या खोलीतून तुमच्या त्या ट्रॅक्टरची घरघर सुरू व्हायची. मी किती वैतागायचे! आता दिवे लावले की कुकरची शिट्टी तेवढी वाजते, ती बी एकाच माणसाच्या भाताची.

आपण लातूरला आलो ते मंजूच्या ट्यूशनसाठी. तिचं शिकणं झालं, नोकरी लागली, ती पुण्याला गेली. आपण परत लोह्याकडं, गावी जाणार होतो. सामान बांधायला काढलं आणि तुमच्या पाठीचा मणका सरकला. डॉक्टर म्हणाले, ट्रॅक्टरचं नाव काढायचं नाही. रान भाऊजींनी करायला घेतलं आणि तुम्ही ह्या दोन खोल्यांत येरझाऱ्या घालायला लागलात. तेव्हा तुमच्या तोंडाकडं बघवत नव्हतं मला. मंजू सुट्टीत आली तेव्हा तिनंच हा खेळ लावून दिला. पहिल्याच दिवशी तुम्ही त्या कॉम्प्युटरला शिव्या घातल्या होत्या, आठवतंय? “ह्या येड्याला काय कळतं? नांगरट न करता पेरायला सांगून राहिला!”

मग तिथल्या शेतांना आपल्या रानाची नावं दिलीत. वडाचा तुकडा, बुवाची पट्टी, खालचं रान. खेळात ज्वारी सापडली त्या दिवशी तर माझे हात पिठानं भरलेले असताना तुम्ही मला तशीच ओढत पडद्यासमोर नेलं होतं. येळवशीच्या अमावस्येला आपल्याकडं सगळे शेतात जाऊन जेवतात, उभ्या पिकावर आंबील शिंपडतात. गेल्या येळवशीला तुमची पाठ धरली, गावी जाता आलं नाही. तर मला भज्जी, उंडे, आंबील सगळं करायला लावून पाट कुठं मांडलात? कॉम्प्युटरपुढं! मी ओरडले नसते तर आंबील शिंपडलीच असती तुम्ही त्या कीबोर्डवर.

तर आज सकाळची कामं उरकली, चष्मा पुसला आणि बसले. मंजूनं सांगितलेलं नाव टाकलं, डाउनलोडवर दाबलं. काहीच होईना. परत दाबलं. परत दाबलं. मागाहून बघते तर एकाच लाँचरच्या कितीतरी फाइली खाली येऊन पडलेल्या! तुम्ही असता तर म्हणाला असता, कामून घाई करतीस, दम धर की. बाई, दम धरायला कुणी सांगणारं लागतं शेजारी.

मग त्यानं परवानगी मागितली. ह्या कॉम्प्युटरमध्ये बदल करू देता का? मी मोठ्यानं म्हटलं, हाव, कर बाबा. हाव म्हणून भागत नाही, बटण दाबावं लागतं, हे जरा वेळानं कळलं. कुठं बसवू विचारलं, मी म्हटलं, तुला बरं वाटेल तिथं बस. बसलं आणि बसल्या बसल्या स्वतःलाच अपडेट करायला लागलं. म्हणजे दरवाजा लावला आणि आत जायच्या आधी सुतार म्हणतो, थांबा, पुन्हा रंधा मारतो!

पासवर्ड मला पाठ होता. तुम्ही टाकताना मोठमोठ्यानं म्हणायचात, सगळ्या गल्लीला पाठ असेल. पण त्यानं पुढं मोबाइलवरचा कोड मागितला. तुमच्या मोबाइलवरचा.

मी तो अजून चार्ज करते. मंजू म्हणते नंबर बंद करू, मी म्हणते बघू. भिंतीतल्या देवळीत असतो, तिथं कधी वाजत नाही. आज वाजला! मी उठून धावले, आणि तुम्हीच बोलावलं असं वाटलं एक क्षण. कोड वाचला, येऊन टाकेपर्यंत मुदत संपली. पुन्हा मागवला. ह्या खेपेला मोबाइल मांडीवर घेऊनच बसले.

आणि दार उघडलं.

खेळाचं नाव दिसलं, मी इन्स्टॉल दाबलं. भलता मोठा खेळ, निळी पट्टी मुंगीसारखी सरकत होती. मी तिच्याकडं बघत शेंगा सोलत बसले. तेवढ्यात कोपऱ्यात लक्ष गेलं. तिथं तुमचं खेळातलं नाव होतं, दत्ता औतवाला. नावापुढं हिरवा ठिपका. त्याखाली इंग्रजीत लिहिलेलं, ऑनलाइन.

अहो, तुम्ही ऑनलाइन! हातातल्या शेंगा तशाच राहिल्या. मला कळत होतं की मीच तुमच्या नावानं आत शिरलेय. पण तो ठिपका बघून जे वाटलं ते कळण्याच्या पलीकडचं होतं. माझ्या एकटीच्या घरात, त्या एवढ्याशा कोपऱ्यात, तुम्ही जिवंत होता.

मग टुणकन आवाज झाला आणि एक खिडकी उघडली. बिलोली किंग नावाच्या कुणीतरी इंग्रजी अक्षरांत मराठी लिहिलं होतं.

“काका!!! कुठं होता इतके दिवस?”

तुम्ही ज्याच्याशी हेडफोनवर भांडायचात तो! “अरे नांगर उचल की, बांध फोडशील” म्हणून ओरडायचात आणि खालच्या मजल्यावरच्यांना वाटायचं गावाकडच्या गड्याला झापताय. त्याचं नाव गाव मला कधी सांगितलं नाहीत. का हो? मी विचारलं नाही म्हणून?

मी हात मागं घेतला. काय लिहू? तो लिहीतच होता. “काका, हाय का?” मग थोडं थांबून, “काका, त्या दिवशी मी कापणीयंत्र तुमच्या उभ्या ज्वारीत घातलं. वरून तुम्हालाच म्हणालो, म्हातारं हाय, खेळता येत न्हाई. तोंड सुटलं माझं. त्याच्यामुळं आला न्हाई ना तुम्ही? रोज बघतो, तुमचं नाव काळंच असतं. माफ करा काका. एकदा बोला.”

मी उठले. चहा ठेवला. उकळून उकळून काळा झाला तरी गाळला नाही. मला तो कॉम्प्युटर बंद करून टाकायचा होता, खरं सांगते. गुमान बटण दाबायचं, विषय संपला. बिलोलीत एक माणूस आहे ज्याच्यासाठी तुम्ही अजून आहात. नुसते रुसलेले आहात! माझ्यासाठी सुद्धा तुम्ही नुसते रुसलेले असता तर किती बरं झालं असतं. मी आपल्या हातानं तुम्हाला पुन्हा मारायचं? एकदा तो फोन करून झाला ना माझा, भाऊजींना, मंजूला. आता परत?

पण ते पोरगं तिकडं स्वतःला खात होतं. आणि मला ती संध्याकाळ लख्ख आठवत होती, तुमची शेवटची. हेडफोन काढून हसत बाहेर आलात, म्हणालात, “पोरगं तापट हाय, पण औत बरोबर धरतंय.” मग जेवलात, झोपलात. पहाटे उठलातच नाही. तुमचं ते बोलणं त्याचं होतं, माझ्याकडं राहून गेलं होतं. ते दाबून ठेवायचा मला काय हक्क?

एकेक अक्षर शोधत लिहिलं. “मी काकू. काका वारले. पोळ्याच्या आधी, झोपेत. तुझ्यावर रागावले नव्हते. खेळ संपवून हसत उठले होते. म्हणाले, पोरगं औत बरोबर धरतंय.”

लिहून झालं आणि दाबायच्या आधी त्या ठिपक्याकडं बघून घेतलं. मग दाबलं.

मला वाटलं, गेला. निळी पट्टी भरत आली. मग त्यानं लिहिलं, “काकू, मी गंगाधर. बिलोलीला मोटारपंपाचं दुकान हाय माझं. मला काकांच्या मातीला येता आलं न्हाई.” आणि लगेच खाली, “आता येऊ का?”

कुठं येतोस बाबा, मी विचारलं. म्हणाला, काकांच्या शेतात. त्यांनी उघडल्याशिवाय आम्हाला आत येता येत नाही, इतके दिवस फाटक बंदच आहे.

त्यानं सांगितलं तसं करत गेले. हे दाबा, ते दाबा, आता हेडफोन लावा. तुमचा हेडफोन मला ढिला होतो, एका हातानं धरून बसले. आणि अहो, आहे! तुमचं शेत आहे! वडाचा तुकडा आहे, बुवाची पट्टी आहे. जराही हललेलं नाही. मी इकडं दिवस काढले तेवढे तिकडं झालेच नाहीत.

“आलो काकू,” कानात आवाज आला. पोरगं कसलं, चाळिशीचा बाप्या असेल, खोकला झालेला. रस्त्यावर त्याचा लाल ट्रॅक्टर दिसला. वाटलं, आत घालेल. नाही घातला. फाटकाबाहेर उभा केला, इंजिन बंद केलं, खाली उतरला. खेळातला तो टोपीवाला माणूस चालत आला. मधून आला असता तर काय बिघडणार होतं? चित्रातलंच पीक. पण तो बांधाबांधानं, ज्वारी चुकवत, लांबून वळसा घालून आला आणि तुमच्या ट्रॅक्टरशेजारी उभा राहिला.

त्या खेळात हात जोडता येत नाहीत म्हणे. तो नुसताच उभा होता. मी इकडं, तो तिकडं. त्याच्या नाक ओढण्याचा आवाज येत होता. मीही पदर लावला डोळ्यांना. गावाकडं तुमच्या मातीला सगळं गाव होतं हो. पण ती तुमची जुनी माणसं. ह्या गेल्या वर्षांतला, ह्या दोन खोल्यांतला तुमचा माणूस एकच होता, आणि त्यालाच कुणी कळवलं नव्हतं.

तेवढ्यात त्याच्या दुकानात कुणीतरी आलं. मला ऐकू आलं, “गंगाधर भाऊ, माझा पंप झाला का?”

गंगाधर म्हणाला, “उद्या या भाऊ. माणूस गेलंय आमचं. मातीला आलोय.”

त्या गिऱ्हाइकाला काय कळलं असेल देव जाणे. दुकानात खुर्चीवर बसलेला माणूस म्हणतोय, मातीला आलोय! पण ते गिऱ्हाईक गेलं असावं. मला शटर ओढल्याचा आवाज आला.

जाताना गंगाधर म्हणाला, “काकू, घरी जाऊन आंघोळ करतो, मग भाकर खातो. परवा काकांचा तिसरा. येतो मी तिसऱ्याला, चार वाजता. तुम्ही असताव ना?”

इतक्या महिन्यांनी कसला तिसरा रे, असं तोंडावर आलं होतं माझ्या. पण त्याच्यासाठी तुम्ही आजच गेलात. मी म्हटलं, असते.

तर तुम्हाला शब्द देते. मंजू न्यायला येऊन रागावली तरी परवा मी पुण्याला नाही, बाजारात नाही, कुठंच नाही. चार वाजले की कॉम्प्युटर लावीन, ते लाँचर काय अपडेट मागेल ते देईन, आणि फाटक उघडून बसेन. गंगाधर येईल तेव्हा आपल्या घरचं कुणीतरी शेतात असायला पाहिजे.

तुमचीच,
कुसुम