सातव्या पानावरची पेन्सिल

मुलुंड पूर्व, रविवार

तीर्थस्वरूप पद्मजावहिनींना,

नंदकिशोरचा नमस्कार, आधी तुमच्या डाव्या गुडघ्याला आणि मग तुम्हाला. बोरिवलीची हवा मानवली का, भाऊ अजून लिफ्टवर अविश्वास दाखवून सात मजले चढतो का, गंधालीचं बाळ आता पालथं पडतं का, हे सगळं सविस्तर कळवा. (भाऊला विचारून कळवू नका. माझा भाऊ असून तो प्रत्येक प्रश्नाला 'ठीक' एवढंच म्हणतो.) इकडे सुनंदा बरी आहे. मी कसा आहे ते पुढे वाचलंत की कळेल.

विक्रोळीच्या कारखान्यात एकतीस वर्षं मी टाइमकीपर होतो. माणसं किती वाजता आत गेली आणि किती वाजता बाहेर पडली हे लिहिता लिहिता मला कळलं, की जगातलं निम्मं खोटं वेळेबद्दलच बोललं जातं. तेवढ्या शहाणपणावर मी चौदा रहस्यकादंबऱ्या लिहिल्या. लोक त्याला हलकं साहित्य म्हणतात. त्यांना मी अनेक व्यासपीठांवरून सांगितलं आहे (आणि तुम्हाला तुम्ही भाकऱ्या थापत असताना), की जिथे खऱ्या गुन्ह्याच्या निकालाला वीस वर्षं लागतात, तिथे एकशे ऐंशी पानांत न्याय देणारा लेखक समाजसेवकच मानला पाहिजे. तेव्हा तुमची भाकरी करपली होती, हे मला आठवतं.

बुधवारी वाचनालयातून क्षमाचा फोन आला. तुम्ही इथून गेल्यावर ही मुलगी ग्रंथपाल म्हणून लागली. म्हणाली, "काका, तुमची शेवटची दोन पुस्तकं बाद यादीत आहेत. दोन वर्षांत कोणी नेली नाहीत. रविवारी समिती बसतेय. या, पण भाषण नको." वहिनी, मी हाफ पँटीत असल्यापासून ज्या कपाटासमोर उभा राहून वाचत आलो, त्या कपाटात माझं नाव असणं हा माझा एकमेव पुरस्कार आहे. दुसरा कोणी दिलेलाच नाही. आज दोन काढतील, उद्या उरलेली बारा. मी भाषण तयार केलं.

आज सकाळी वाचनालयात समितीला एक उतारा वाचून दाखवावा म्हणून माझी जुनी कादंबरी उघडली, तर सातव्या पानाच्या कोपऱ्यात पेन्सिलीने लिहिलेलं: 'खुनी कंपाउंडर आहे.' दुसरी उघडली. 'धाकटी जाऊ.' तिसरी. 'वॉचमन, चष्मेवाला.' बाराच्या बारा पुस्तकांत, मुद्दाम वाकड्या काढलेल्या अक्षरात. माझं डोकंच फिरलं. घरफोड्या वस्तू नेतो, पण रहस्य फोडणारा वाचकाची उत्सुकता नेतो, आणि ती कुठल्याच पोलीस ठाण्यात परत मिळत नाही, असं मी चाळीस मिनिटं बोललो. (कंपाउंडर निर्दोष आहे, हे रागाच्या भरात माझ्या लक्षातच आलं नाही. मीच त्याला लिहिलंय.) शेवटी ठराव मांडला: हे कृत्य करणाऱ्याचं सभासदत्व कायमचं रद्द करावं, तपासासाठी एकसदस्य समिती नेमावी आणि खुणा ताबडतोब पुसाव्यात. एकमताने मंजूर. सदस्य अर्थात मी. खोडरबरही मीच मागवला आणि सगळ्यांसमोर पुसायला बसलो.

अकरा पुस्तकं स्वच्छ झाली. बारावं हातात घेतलं ती माझी पहिली कादंबरी. तिच्यात एक शब्दजोडी जास्त होती: 'खुनी डॉक्टर आहे. लक्ष ठेवा.'

खोडरबर हातातच राहिला. गॅसवर दूध ठेवून गॅलरीत जाताना 'भाऊजी, लक्ष ठेवा' असं बावीस वर्षं मला एकच व्यक्ती सांगत आली. (मी कधीच ठेवलं नाही. दूध नेहमी उतू गेलं.) शिवाय त्या कादंबरीत डॉक्टर खुनी नाही, तो तर तिसऱ्या प्रकरणात मरतो.

माझा चेहरा बघून क्षमाने पुस्तकांमागच्या तारखांच्या चिठ्ठ्या समोर ठेवल्या. शिक्के मारायला जागा उरली नव्हती. "काका, खरं सांगू? लोक तुमच्यासाठी नेत नाहीत. पेन्सिल बरोबर की चूक हे बघायला नेतात." मागच्या बाकावरचे अनिरुद्ध टिपणीस म्हणाले, "दहाव्या पुस्तकात पेन्सिल बरोबर निघाली हो. त्यानंतर माझा तिच्यावरचा विश्वास उडाला आणि मी अकरावं घेऊन गेलो." वर म्हणाले, "छान पुसलंत."

मग माझ्यातला टाइमकीपर जागा झाला. तुम्ही बोरिवलीला गेलात तीन वर्षांपूर्वी. तेरावी आणि चौदावी आली त्यानंतर. त्यांचं सातवं पान कोरं, चिठ्ठीही कोरी.

वहिनी, पहिलं पुस्तक सहा महिने कपाटात पडून होतं तेव्हा मी जेवताना गप्प बसायचो. तुम्ही फक्त "होईल हो भाऊजी" म्हणालात आणि वर भात वाढलात. कॅलेंडरला दोऱ्याने बांधलेली पेन्सिल त्याच आठवड्यात नाहीशी झाली होती आणि मी त्याचा आळ भाऊवर घेतला होता. वाङ्मयावर मी आजवर शेकडो भाषणं केली, पण माझे वाचक मिळवले ते तुम्ही, बारा वेळा, एक शब्द न बोलता. हे ऋण मानायला मला भाषण सुचत नाही. असं पहिल्यांदाच होतंय.

भाऊला नमस्कार, बाळाला पापा.

तुमचा दीर,
नंदकिशोर

ता. क. : माझ्या भाषणामुळे वेळ संपला, म्हणून बाद यादी पुढच्या रविवारवर गेली आहे. शनिवारी मी रिक्षा घेऊन तुम्हाला न्यायला येतो. पेन्सिल सोबत घ्या. तेरा आणि चौदा आधी करू, मग मी पुसलेली अकरा. गुडघ्यासाठी खालच्या कपाटाजवळ खुर्ची ठेवायला क्षमाला सांगितलं आहे. तिने कारण विचारलं नाही.

ता. क. २ : चौदाव्यात खरा खुनी लिहिलात तरी चालेल. मला वाटतं, तो तिथे फार सहज कळतो. ते तुम्हीच ठरवा.

ता. क. ३ : तपास समितीचा अहवाल लिहून तयार आहे. एकच वाक्य आहे: 'कसून शोध घेऊनही गुन्हेगार सापडला नाही.' चौदा कादंबऱ्यांत माझ्यावर ही पाळी कधी आली नव्हती.