नळी वाळूच्या पेटीकडे

प्रिय ताई,

अक्षर बघून दचकू नकोस. लिहिणारी मीच आहे आणि चांगली शुद्धीवर आहे. डाव्या हाताने लिहिलं असतं तर ओळी जरा सरळ आल्या असत्या, पण हाताचा व्यायाम घेणाऱ्या फिजिओच्या पोरीची सक्त ताकीद आहे की जे काही करायचं ते उजव्याने. ती वयाने तुझ्या धाकटीएवढी असेल, पण दटावते अगदी तुझ्यासारखी. तेव्हा चष्मा लाव, निवांत बस आणि एकटीच वाच. भाऊजींना मोठ्याने वाचून दाखवू नकोस, ते मधे मधे सल्ले देतात आणि मग तुझं मूळ मुद्द्यावरून लक्ष उडतं. तू पाठवलेला स्वेटर पोचला. बटणं उसवून तू त्याला चेन लावलीस ते लगेच ध्यानात आलं. फोनवर तू त्याबद्दल काही बोलली नाहीस, मग मीही बोलले नाही. स्वेटर ऊबदार आहे.

माझ्या कामाबद्दल मी तुला कधी धड सांगितलंच नाही. तू एकदाच आमच्या शस्त्रागारात आली होतीस, घराची किल्ली द्यायला. दारातच थबकलीस, आत वाघ बांधून ठेवलाय अशा चेहऱ्याने. तेलाचा वास आला म्हणून नाकाला पदर लावलास आणि किल्ली नानांच्या हातात कोंबून उलट पावली गेलीस. नाना म्हणजे आमचे भांडारातले जुने सहकारी, सगळ्या हत्यारांची आवक-जावक त्यांच्याकडे. ते त्या दिवसापासून मला विचारतात, तुमच्या ताई अजून पळतायत का थांबल्या? तुला वाटतं, पोलिसांची हत्यारं सांभाळणारी बाई म्हणजे दिवसभर ठो ठो करत असणार. अगं, आयुष्यात मी गोळ्या झाडल्या असतील त्याच्या कितीतरी पट चिंध्या काळ्या केल्यात. आमचं काम धुण्याभांड्यांच्या जवळचं आहे. फरक इतकाच की इथे आळस केला तर कुणाच्या तरी जिवावर बेततं.

म्हणून आज सगळं सांगतेच. एखादं पिस्तूल साफसफाईला आलं की ते हातात घेण्याआधी नळी कुठे रोखलेली राहील ते ठरवायचं. आमच्या टेबलाच्या टोकाला वाळूने भरलेली जाड पेटी आहे, नळी कायम तिच्याकडे. बोट चापावर नाही, चापाच्या बाहेर, सरळ ताठ. मग मॅगझिन काढायचं, म्हणजे गोळ्यांची ती पेटी जी मुठीत बसते. बरेच लोक इथेच फसतात. मॅगझिन निघालं की पिस्तूल रिकामं झालं असं त्यांना वाटतं, पण एक काडतूस नळीच्या मागच्या घरात बसलेलं असू शकतं. म्हणून वरची स्लाइड, म्हणजे नळीवरचं सरकतं झाकण, पूर्ण मागे ओढून अडकवायची आणि त्या घरात डोकावून बघायचं. नुसतं बघून भागत नाही, करंगळी घालून चाचपायचं. आणि हा क्रम उलटा करायचा नाही. मॅगझिन आत असताना स्लाइड ओढलीस, तर ती सुटताना नवीन गोळी स्वतःच वर चढवेल. रिकाम्याची खात्री झाली की काडतुसं दुसऱ्या खोलीत जातात. साफसफाईच्या टेबलावर एकही काडतूस ठेवायचं नाही, मग ते साहेबांचं असो नाहीतर शिपायाचं.

त्यानंतर सगळं सोपं. बाजूची कळ फिरवली की स्लाइड पुढे सरकून निघते. तिच्या पोटात एक स्प्रिंग असते, भारी खट्याळ, जरा अंगठा सैल पडला की उडालीच. ती काढायची, नळी काढायची. नळीत ब्रश मागून घालायचा आणि पुढून बाहेर काढायचा. मग चिंध्या, पहिली काळीकुट्ट निघते, पुढची राखाडी, आणि शेवटची पांढरी निघेपर्यंत थांबायचं नाही. तेल मात्र थेंबभरच. नवे लोक असं तेल ओततात की पिस्तूल नाही, भजी तळायचीत. मग ज्या क्रमाने काढलं त्याच्या उलट क्रमाने बसवायचं, स्लाइड चारदोनदा मागेपुढे करून बघायची, ती कुठे अडत नाही ना. पुन्हा एकदा आत बघून, वाळूकडे नळी धरून, रिकाम्यावर चाप नीट चालतो का तेही तपासायचं. बस. यात वाघ कुठेच नाही.

हे सगळं करतानाच माझा हात गेला, हे तुला माहीत आहे, पण कसा गेला ते मी कधी सांगितलं नाही. सकाळची वेळ होती. पिस्तूल उघडलेलं, सुटे भाग कापडावर ओळीने मांडलेले. मी स्प्रिंग उचलायला गेले आणि बोटांनी ऐकलंच नाही. मला वाटलं, तेलाने निसटली. पुन्हा उचलली, पुन्हा पडली. मी हसले, तर तोंडाचा एकच कोपरा हलला. नानांनी माझ्याकडे पाहिलं आणि हातातलं काम टाकून ते धावत आले. डॉक्टर त्याला अर्धांगाचा झटका म्हणाले. पुढचं तुलाच जास्त ठाऊक आहे, दवाखान्यात माझ्या उशाशी तूच बसली होतीस. मला भरवलंस, वेणी घातलीस, आणि मी झोपलेय असं समजून खिडकीकडे तोंड करून रडलीस. मी जागी होते, ताई.

बरी होऊन मी कामावर परत गेले तेव्हा मॅडमनी मला समोर बसवलं. मॅडम म्हणजे आमच्या शस्त्रागाराच्या प्रमुख, नवीन आल्यात, कमी बोलतात. त्या म्हणाल्या की डॉक्टरांचा कागद ठीक आहे, पण हत्यार हाताळायला तेवढा पुरत नाही. त्यांच्यासमोर एक पिस्तूल रिकामं करून, उघडून, साफ करून, पुन्हा जोडून दाखवायचं. जमलं तर जागा माझी, नाही जमलं तर आवक-जावक कारकुनी किंवा मग घर. मला राग आला नाही. मी त्यांच्या जागी असते तर हेच म्हटलं असतं.

पहिल्यांदा मी पिस्तूल रिकामं करण्यातच अडले. मॅगझिन काढलं, ते सोपं होतं. स्लाइड ओढायला गेले तर मुठीवरची उजव्या हाताची पकड अर्ध्यातून सुटली आणि स्लाइड खाड्कन पुढे गेली. पुन्हा ओढली, पुन्हा तेच. तिसऱ्यांदा मी पिस्तूल पोटाशी धरून अंगाचा जोर लावला, तेव्हा माझ्याच ध्यानात आलं की नळी वाळूच्या पेटीवरून सरकून मॅडमच्या खुर्चीकडे वळतेय. मी थांबले. पिस्तूल खाली ठेवलं, नळी पेटीकडे, आणि हात मागे घेतला. मॅडम हळूच म्हणाल्या, "एवढंच अडतंय ना? स्लाइड मी ओढून देते, पुढचं तुम्ही करा." त्यांच्या मनात चांगलंच होतं. नानाही मान डोलावत होते, घ्या घ्या म्हणून. ताई, त्या क्षणी हो म्हणणं फार सोपं होतं. पण जिला पिस्तूल रिकामं करता येत नाही, तिने ते साफ करायला घेऊ नये. उद्या टेबलाशी मी एकटी असेन तेव्हा ओढून द्यायला कोण येणार? मी म्हटलं, "नको मॅडम. आज मला हे सुरक्षितपणे जमत नाही. मला थोडे दिवस द्या." त्यांनी दिले.

त्या संध्याकाळी मी तुला फोन केला नाही, कारण तू "जाऊ दे गं" म्हणाली असतीस आणि मी खरंच जाऊ दिलं असतं. दुसऱ्या दिवशी फिजिओच्या पोरीला सगळं सांगितलं. ती म्हणाली, हाताला ताकद यायची तेव्हा येईल, तोवर कमी ताकदीत कसं होईल ते बघू. मग आमचं शिक्षण सुरू झालं. घरी ओले टॉवेल पिळ, कणकेचा गोळा दाब, कपड्यांचे चिमटे एकेका बोटाने उघड. शेजारणीला वाटलं मी धुण्याचा धंदा काढलाय. आणि दुपारच्या सुट्टीत शस्त्रागारात, नानांच्या देखरेखीखाली, सरावाच्या पिस्तुलावर हात बसवायचा. त्याची नळी कायमची बुजवलेली आहे, त्यातून गोळी सुटूच शकत नाही. किती वेळा ती स्प्रिंग उडाली म्हणून सांगू. एकदा थेट नानांच्या चहात पडली. त्यांनी ती चमच्याने बाहेर काढली, पुसली, माझ्यापुढे ठेवली आणि तोच चहा प्यायले. म्हणाले, आता वंगण आतून लागलं, सांधे कुरकुरायचे नाहीत.

शेवटी युक्ती सापडली ती अशी. मी आजवर मूठ उजव्यात धरून डाव्याने स्लाइड मागे ओढत होते. आता मूठ डाव्या हातात धरली, उजव्या हाताने स्लाइड वरून कवटाळली, कोपर बरगडीशी घट्ट टेकवलं आणि उजवा हात तिथेच रोवून ठेवून डाव्याने पिस्तूलच पुढे ढकललं. नळी पेटीकडेच. उजव्याला ओढायचं काम नाही, फक्त सोडायचं नाही एवढंच. अडकवायची खिटी डाव्या बाजूला असते, ती पूर्वी मी उजव्या अंगठ्याने वर करायचे, ती आता डाव्याच्या पहिल्या बोटाने. ते बोट तसंही चापाबाहेरच असतं. पहिल्यांदा स्लाइड मागे अडकून राहिली तेव्हा मी आणि नाना त्या उघड्या पिस्तुलाकडे नुसते बघत बसलो. मग पुन्हा केलं. बोटं सोलवटली, अंगठ्याला फोड आला, फोड बरा होईपर्यंत कणीक मळली, आणि पुन्हा केलं.

परवा मी स्वतःहून मॅडमकडे गेले आणि म्हटलं, बघा. यावेळी खरं पिस्तूल होतं. त्यांनी ते रिकामं आहे असं सांगून पुढे ठेवलं आणि मी तरीही पहिल्यापासून सुरुवात केली. त्याही हेच बघत असाव्यात, कारण त्यांनी मान हलवली. मॅगझिन. स्लाइड. आत बघितलं, करंगळीने चाचपलं. उजव्या करंगळीला अजून स्पर्श पुरता कळत नाही, म्हणून डावीने पुन्हा चाचपलं. ते रिकामंच होतं. मग उघडलं, पुसलं, जोडलं. स्प्रिंग बसवताना अंगठा सैल पडू लागला, तेव्हा मी थांबले, पकड नीट केली, मग बसवली. शेवटी चाप तपासून झाल्यावर मॅडमनी विचारलं, "कधी घाई असली तर? दहा जण रांगेत उभे असले तर?" मी म्हटलं, "उभे राहतील." त्या हसल्या, मी त्यांना पहिल्यांदाच हसताना बघितलं. पण लगेच अटही घातली. टेबल माझं, पण गोळीबाराच्या मैदानावर इतक्यात जायचं नाही, आणि दर महिन्याला त्यांच्यासमोर हात दाखवायचा. मैदान गेलं याचं वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. पण अट बरोबर आहे, आणि मैदानही मी परत मिळवीन.

आता मुद्द्याचं, ज्यासाठी हे एवढं लिहिलं. फोनवर तुझा आवाज जड झाला की मी सगळ्याला हो म्हणते, आणि मागच्या खेपेला तसंच हो म्हणून बसले. भाऊजींनी मागची खोली रंगवून घेतली, तू नव्या चादरी आणल्यास, आणि या रविवारी तुम्ही दोघं गाडी घेऊन मला कायमचं न्यायला येणार आहात. ताई, मी येणार नाही. तू मला लहानाची मोठी केलंस, दवाखान्यातून उचलून परत माणसात आणलंस, आणि म्हणूनच मला तुझ्या मागच्या खोलीत बसून राहायचं नाही. माझी काळजी करू नकोस असं मी म्हणणार नाही, तुला ते जमणारही नाही. काळजी कर, रोज फोन कर, रागाव. त्या खोलीत भाऊजींना झोपव, म्हणजे त्यांच्या घोरण्यातून तुझी एकदाची सुटका होईल. रविवारी मात्र या, नक्की या. मी स्वतः स्वयंपाक करीन, पोळ्या जरा नकाशासारख्या होतील, त्या गोड मानून खा. फक्त संध्याकाळी वेळेवर परत निघा, मला सोमवारी कामावर जायचंय.

तुझीच, तुझं न ऐकणारी,
ठकी