भुईवर घेतलेली

डॉक्टरबाई, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी भूल देताना बोट नाडीवर गेलं की तुमचा आवाज येतोच, "घाई करू नको रे." आणि पाठोपाठ ती येते. धाड गावच्या बाजारादिवशी बैलगाडीतून आणलेली, पोटात पोर अडलेली, धापेमुळे आडवं होता न येणारी. तुम्ही तिची छाती तपासलीत. म्हणालात, "हृदयाची झडप अरुंद आहे हिची. पाठीतलं इंजेक्शन नको, रक्तदाब कोसळेल. कापणं सोपं, ते तू कर. भूल मी देते." पाठीशी गाद्या लावून, अर्धवट बसवूनच तुम्ही तिला ईथर दिलंत, तोंडावरच्या जाळीवर थेंब थेंब. मुलगी रडली तेव्हा मी हसलो. तुम्ही हसला नाहीत. पोर निघालं की रक्त हृदयाकडे धावतं, अरुंद झडपेपाशी अडतं आणि फुप्फुसात तुंबतं, हे तुम्हाला ठाऊक होतं.

वॉर्डातही तुम्ही तिला टेकवून बसवलंत आणि सासूला बजावलंत, "तिले आडवं करू नका बरं." थोड्या वेळाने तिची धाप वाढली. आपण दोघं इंजेक्शन आणि ऑक्सिजन आणायला धावलो. परत आलो तर खाट रिकामी. ती खाली घोंगडीवर, सरळ आडवी, ओठांत तुळशीचं पान. तुम्ही तिथेच बसकण मारून तिला छातीशी उभं धरलंत, पण ती गेली होती. सासू रडत म्हणाली, "खाटेवर मरू देतो काय तिले? जीव अडकून राह्यला होता, बाई. भुईवर घेतलं तं सुटला."

मला त्या म्हातारीचा असा संताप आला की मी ओरडणारच होतो. तुम्ही माझा हात दाबलात. व्हरांड्यात आल्यावर म्हणालात, "तिनं माया केली रे. आडवं करू नका म्हटलं मी. काऊन नको, ते नाही सांगितलं." त्यानंतर अशा प्रत्येक रुग्णाच्या घरच्यांना तुम्ही आधी समोर बसवून समजावत राहिलात, आता मी बसवतो. तरी घोंगडी दिसली की मी आधी खाटेकडे पाहतो.

तुम्ही गेलात त्या दिवशी मी पोचलो, तर तुमच्या घरच्यांनीही तुम्हाला भुईवर घेतलेलं. नाडी नव्हती, मी पुन्हा पुन्हा पाहिली. हे पत्र टाकायला पत्ता नाही, म्हणून सांगून टाकतो. कुणाचं लक्ष नाही असं पाहून मी अंगातला कोट काढला, गुंडाळला आणि तुमच्या खांद्यांखाली सरकवला.